बेचिराग बाणझिरे

आम्हाला न्यायला एकच लॉरी आली. एकसष्ट घरं, तीनशेच्या वर माणसं, गुरं, कोंबड्या, कणग्या, पाळणे, आणि लष्कराची लॉरी एक. हवालदार पंजाबी होता, भला माणूस. तो खाली उतरला, आमच्याकडे बघितलं, हातातल्या कागदाकडे बघितलं, पुन्हा आमच्याकडे बघितलं. "यहाँ तो कोई रहता नहीं," तो म्हणाला. कागदाप्रमाणे त्याला ओस पडलेल्या वाडीतल्या तुळया आणि दारं गोळा करून न्यायची होती. दादा पाटील त्याच्यापुढे जाऊन उभे राहिले. "मंग आमी कोन हाय?" हवालदाराला मराठी येत नव्हतं, आणि येत असतं तरी तो बिचारा काय सांगणार होता?

शेवटी लॉरीत म्हाताऱ्या आणि बाळंतिणी चढवल्या. बाकीचे बैलगाड्यांतून आणि पायी निघाले. आई तेवढ्यात घर झाडत बसली होती. माझं डोकं फिरलं. "उद्या ज्या घरावर लष्कराचे बाण पडायचे ते झाडून काय करतेस?" आई मान वर न करता म्हणाली, "पसारा टाकून गेली असं कुणी म्हणायला नको." कुणी म्हणायला तिथं उरणार कोण होतं, हे तिला कोण सांगणार!

तुम्हा सगळ्यांना हे ठाऊकच आहे. राहुरीकडे पाटाच्या कडेला उसात राबणाऱ्यांनो, मुंबईला गिरणीत गेलेल्यांनो, थेट राजूरच्या बाजारात दुकान टाकून बसलेल्या आमच्या बाबू शिंप्या, तुम्ही होतातच की तिथं. तरी लिहिते आहे, कारण पाच वर्षांत प्रत्येकाची गोष्ट वेगळी झाली आहे, आणि जो तो आपलीच खरी म्हणून सांगतो. मागच्या महिन्यात राहुरीहून आलेल्या एकानं मला सांगितलं की आपलं गाव बुडालं. कशात बुडालं रे बाबा? आपल्याकडे प्यायला पाणी नव्हतं.

तेव्हा सगळं पहिल्यापासून सांगते. आपली वाडी नगरपासून दोन कोसांवर, माळाच्या कडेला. माळाचं नाव बाणमाळ. माझे बाबा मिशनच्या शाळेचे मास्तर, त्यांना जुन्या गोष्टींचं वेड. ते सांगत की निजामशाहीत आणि मग पेशवाईत या माळावर बाणदारांचा तळ पडे. बाण म्हणजे धनुष्याचे नव्हेत. लोखंडी नळी, आत ठासलेली दारू, नळीला बांधलेला वेळू. बत्ती दिली की फुत्कारत जाऊन शत्रूच्या हत्तीघोड्यांत पडायचा. माळ सपाट, समोर दीड कोस मोकळं रान आणि पलीकडे आडवी टेकडी, म्हणजे भरकटलेला बाण टेकडीत रुतणार. नांगरताना त्या नळ्या आपल्याला सापडायच्या. गावातल्या निम्म्या फुंकण्या लोहाराकडून तोंड कापून घेतलेल्या त्या नळ्यांच्याच होत्या. आमच्याही घरात एक होती. पेशवाईतल्या बाणानं आई चहासाठी चूल फुंकायची.

जर्मनीच्या लढाईच्या तिसऱ्या-चौथ्या वर्षी पहिला गोरा साहेब जीपमधून आला आणि माळावर दुर्बीण लावून उभा राहिला. शहाण्या माणसानं घरात बसावं. बाबा कोट घालून गेले! गावात इंग्रजी येणारे तेच, त्यांना साहेबाशी बोलायची हौस. ती फुंकणी हातात घेऊन त्यांनी साहेबाला सगळा इतिहास सांगितला. वारा कसा एका दिशेनं वाहतो, टेकडी कशी उपयोगी पडते, जुन्या लोकांनी नेमका हाच माळ का निवडला. साहेबानं वहीत लिहून घेतलं आणि बाबांशी हात मिळवला. बाबा आठ दिवस त्या हाताकडे बघत होते. मी तेव्हा सोळा वर्षांची, व्हर्नाक्युलर फायनल पास होऊन शाळेत बिगरीच्या पोरांना शिकवत होते. मी म्हटलं, "बाबा, त्यानं कशाला विचारलं असेल?" तर म्हणाले, "जिज्ञासा, शांता. साहेब लोकांत जिज्ञासा फार."

दोन महिन्यांत जिज्ञासेनं माळावर सिमेंटचा ओटा बांधला. ओट्यावर आगगाडीच्या रुळांसारखी लोखंडी चौकट, आभाळाकडे तिरकी रोखलेली. तारा, टेलिफोन, वाळूची पोती. त्या चौकटीवरून शेपटाला पंख असलेल्या दंडाएवढ्या जाड नळ्या सुटायच्या. साहेब रॉकेट म्हणायचे, आपण साहेबाचे बाण म्हणायचो. आवाज असा की म्हशी आटल्या. एक बाण दादा पाटलांच्या कांद्यात पडला, एक भिवाच्या कोरड्या विहिरीच्या काठावर. तक्रार केली तर म्हणे वारा फिरला. म्हणजे बाबांनी सांगितलेल्या वाऱ्यानंही ऐन वेळी दगा दिला.

ज्या दिवशी बाण सोडायचे त्या दिवशी टेकडीवर लाल बावटा चढे. बावटा दिसला की गाव मोकळं करून शिवेपलीकडच्या बाभळींत जाऊन बसायचं, उतरला की परत यायचं. आठवड्यातून दोनदा, कधी तीनदा. भाकरी थापता थापता परात घेऊन बायका पळायच्या. आमची चार ख्रिस्ती घरं आणि गावातली सत्तावन्न घरं आजवर कधी एका जागी इतका वेळ बसली नव्हती. बाभळींत मात्र सगळे एकत्र. पहिल्या दिवशी अंतर ठेवून बसले, पाचव्या दिवशी सावली जिकडे सरकेल तिकडे सरकले. दादा पाटलांची आई माझ्या आईकडून विणकाम शिकली. खोटं कशाला बोलू, त्या बाभळींत मला बरं वाटायचं.

आणि सगळा घोटाळा नेमका तिथूनच झाला.

आषाढातल्या एका मंगळवारी गाव मरीआईसाठी शिवेबाहेर जाऊन स्वयंपाक करी. त्या दिवशी गावात चूल पेटवायची नाही, माणूस ठेवायचं नाही, कुत्रंसुद्धा बरोबर न्यायचं. दिवस मावळला की परत येऊन आधी दिवा लावायचा, मग दार उघडायचं. आमची चार घरं यात कधी नव्हती. आम्हाला कुणी बोलावत नसे आणि पाळकांना ते चाललंही नसतं. दरसाल त्या दिवशी सबंध गावात आमच्या चार घरांतून धूर निघायचा, आणि त्याबद्दल दोन्हीकडच्यांनी वर्षभर एकमेकांना टोमणे मारायचे, अशी रीत होती.

त्या वर्षी दादा पाटील स्वतः आमच्या दारात आले. "मास्तर, औंदा तुमी बी चला. लाल बावट्याला समदे संगं भाईर पडतो, मंग आईच्या दिसाला तुमीच का म्हून मागं ऱ्हायचं? तुमी पूजा करू नगा. निस्ती भाकर खायला या."

बाबांच्या डोळ्यांत पाणी आलं. मी पाहिलं. वीस वर्षं त्या गावात मास्तरकी करून त्यांना कुणी पहिल्यांदा जेवायला बोलावलं होतं. पंगत वेगळी बसणार हे त्यांनाही माहीत होतं, पण शीव एकच होती. ते लगेच हो म्हणाले. आई म्हणाली, "घरं मोजायला कचेरीतून माणूस याच आठवड्यात येणार आहे ना? तो मंगळवारीच आला तर?" बाबा हसले. "सरकारी माणूस सोमवारी येतो म्हणाला की गुरुवारी उगवतो. मंगळवारचं नाव नको."

ही मोजणी काय होती हे नव्या पोरांना माहीत नसेल, म्हणून सांगते. लष्कराला सबंध माळ कायमचा हवा होता. शेतांची नोंद मोठ्या गावाच्या दप्तरात होती, त्यांचं काय ते झालं. पण बाणझिरे ही नुसती वाडी. तिथं माणसं राहतात याची वेगळी नोंद कुठंच नव्हती. मोजणीत वसती दिसली तर राहुरीकडे पाटाच्या कडेला सगळ्यांना मिळून एक गावठाण मिळणार होतं. एका जागी, याच नावानं, शेजाराला शेजार. नाही दिसली तर ज्यानं त्यानं आपलं बघावं.

मंगळवारी आम्ही शिवेबाहेर चुली मांडल्या. अकराच्या सुमाराला नगरच्या वाटेनं धुरळा दिसला. लष्कराची जीप. ती गावात शिरली. मी उभी राहिले. "बाबा, मोजणीवाला आला. मी पळत जाते, पाव तासात पोचते." बाबांनी माझा हात धरला. "आज गावात जायचं नाही. पाटलांना शब्द दिलाय." मी पाटलांकडे बघितलं. पाटलांनी मरीआईकडे बघितलं. "दिस मावळल्याबिगर न्हाई, पोरी. येऊ दे त्येला. बसंल, वाट बघंल, आन् मंग हितं यील." तो कशाला येतोय! त्यानं बंद दारं बघितली, थंड चुली बघितल्या, आणि आमच्या तव्यावरची भाकर पलटायच्या आत जीप धुरळा उडवत परत गेली. त्यानं कागदावर एक शब्द लिहिला : बेचिराग. जिथं दिवा लागत नाही असं गाव. महसुलातला जुना शब्द आहे, ओस पडलेल्या गावांना लावतात.

मी कुणाकुणावर चिडू? एका बाजूला वीस वर्षांनी माणसासारखं वागलेले पाटील, दुसऱ्या बाजूला त्या वागण्यानं विरघळलेले माझे बाबा. दरसालसारखे भांडून वेगळे राहिलो असतो तर आमच्या चार घरांच्या धुरानं गाव वाचलं असतं. एकदाच शहाण्यासारखे एकत्र आलो आणि उठलो गावावरून!

मग खेटे. बाबा आणि पाटील नगरच्या कचेरीत किती वेळा गेले याची गणती नाही. कारकून म्हणायचा, "तुम्ही माझ्यासमोर उभे आहात हे मला दिसतंय हो मास्तर. पण कागदात तुम्ही नाही." बाबांनी शाळेचा पट नेला, बाप्तिस्म्याचं बुक नेलं. कारकून म्हणाला, यावरून माणसं जन्मली एवढं कळतं, कुठं राहतात ते कळत नाही. शेवटी त्यालाच दया आली आणि त्यानं वाट सांगितली. मोजणीच्या दिवशी वाडीत एका तरी घरात चूल पेटली होती असं कुणी शपथेवर सांगितलं तर तो शब्द टिकणार नाही. मरीआईची शपथ घेऊन बाकीचे तसं सांगू शकत नव्हते. उरली आमची चार घरं.

प्रांतसाहेबांपुढे साक्ष ठरली. मी बाबांबरोबर होते. कचेरीबाहेरच्या लिंबाखाली दादा पाटलांनी डोक्याचं पागोटं काढून हातात घेतलं. "मास्तर, दरसाल तुमची चूल पेटती. लई शिव्या घातल्या त्या धुराला. औंदा पेटली हुती म्हना. येवढंच म्हना."  आत गेल्यावर बाबांनी पवित्र शास्त्रावर हात ठेवला. साहेबांनी विचारलं, "त्या मंगळवारी तुमच्या घरात चूल पेटली होती?"

बाबा म्हणाले, "नाही."

बस्स. एक शब्द. एका शब्दानं गाव गेलं आणि दुसऱ्या शब्दानं ते गेल्याचं पक्कं झालं. बाहेर आल्यावर पाटलांनी पागोटं घातलं आणि आम्हाला तिथंच सोडून ते निघून गेले. मी रस्त्यात बाबांवर ओरडले. सोळा वर्षांची मुलगी, भर नगरच्या बाजारात. "तुमचं खरं घेऊन आई कुठं राहणार आहे?" बाबा म्हणाले, "शांता, विचारलं तेवढ्याचंच उत्तर द्यायचं असतं." शाळेत पोरांना शिकवायचे तेच वाक्य. लहानपणापासून ऐकलेल्या वाक्याचा इतका राग कधी आला नव्हता.

मग ती लॉरी आली, आणि आपण पांगलो.

आता मी लग्न होऊन नगरात राहते, मिशनच्या शाळेत शिकवते. दोन खोल्या आहेत, चाळीच्या टोकाला नळ आहे, रेशनकार्ड आहे, यंदा विजेचा दिवाही आला. माझ्या मुलीला बटण दाबून दिवा लावता येतो आणि शेणगोठा म्हणजे काय ते माहीत नाही. मला इथं वाईट वाटतं असं नाही. बाणझिऱ्यात असते तर कोसभरावरून पाणी आणून कंबर मोडली असती, हे मला कळतं. कुणी गावाकडचं गोड गोड बोलायला लागलं की मी त्यांना पाण्याची आठवण करून देते. पण आठवड्यातून दोनदा लांबून धडधड ऐकू येते, फळीवरची भांडी हलतात, आणि शेजारीण विचारते, "बाई, हे काय हो?" मी म्हणते, "आमच्या गावात चाललंय."

लढाईच्या शेवटी वर्तमानपत्रात आलं होतं, जर्मनांनी समुद्रापलीकडून लंडनवर रॉकेटं टाकली. सगळे लंडनबद्दल हळहळत होते. मला वाटलं, जिथून सुटली तिथं कुणाचं घर होतं? ज्याला काही उडवायचं असतं त्याला मोकळी जागा लागते, आणि ती मोकळी नसेल तर मोकळी आहे असं लिहायला एक कारकून लागतो. स्वराज्य आलं तेव्हा आपल्यातले कितीतरी जण बैलगाड्या जुंपून गावाकडे निघायच्या बेतात होते, आठवतं? साहेब गेला. ओटा तिथंच, चौकट तिथंच, बावटा तोच. फक्त तो आता आपला माणूस चढवतो.

बाबा गेल्या वर्षी हिवाळ्यात गेले. शेवटच्या दिवसांत ते गावाबद्दल बोलत नसत. दादा पाटील मातीला आले. मला वाटलं नव्हतं येतील. दफनाच्या वेळी ते पाळकांच्या मागे उभे राहिले आणि सगळं झाल्यावर म्हणाले, "मी अर्ज टाकलाय पुन्यांदा. नवं सरकार हाय. साक्षीदार म्हून तुजं नाव घातलंय, शांते." मी म्हटलं, "दादा, काय सांगू मी?" ते म्हणाले, "मी काय सांगनार न्हाई. एकदा सांगून बघितलं."

खरं सांगते, मी खोटं बोलायचं ठरवून गेले होते. आठवडाभर मुलीला झोपवताना मनात घोकत होते : हो, पेटली होती, मीच पेटवली. बाबा वर काय म्हणतील ते म्हणोत. मी बापासारखी नाही. मला गाव हवं होतं, तुम्ही सगळे एका जागी हवे होतात, मग त्यासाठी देवाची क्षमा मागायची वेळ आली असती तर मागितली असती.

अधिकारी तरुण होता, आपल्याकडचाच. शपथ झाली. त्यानं कागद बघून विचारलं, "त्या मंगळवारी वाडीत तुमच्या घरी चूल पेटली होती का?"

मी तोंड उघडलं आणि आतून बाबाच बाहेर पडले. "नाही," मी म्हटलं. पाटलांनी डोळे मिटले. माझा मलाच इतका संताप आला की मी तेवढ्यावर थांबूच शकले नाही. "नाही पेटली. वाडीत नाही पेटली. शिवेवर पेटल्या होत्या, एकसष्ट चुली. त्यातली एक माझ्या आईची. तुमचा माणूस जीपमधून आला, आम्ही त्याला बघितलं, त्याच्या जीपचा धुरळा आमच्या भाकरीवर बसला. त्यानं मान वळवली असती तर धूर दिसला असता. त्यानं मान वळवली नाही. आणि माझे वडील विचारलं तेवढंच बोलले, कारण तुम्ही लोकांनी तेवढंच विचारलं!"

अधिकाऱ्यानं लेखणी थांबवली. "शिवेच्या आत की बाहेर?"

"बाहेर," मी म्हटलं. "पण माणसं आतली होती."

 मग अधिकारी म्हणाला, माळ परत मिळणार नाही, ते त्याच्या हातात नाही. गावठाणाचं तो वर लिहील, होईल न होईल. मी म्हटलं, निदान तो शब्द खोडा. तो म्हणाला, जुना शब्द खोडता येत नाही, शेजारी शेरा मारता येतो. त्यानं तो माझ्यासमोर मारला आणि वाचून दाखवला : 'सदर दिवशी माणसे बाहेर होती.' पाटलांनी तो तीनदा वाचून घेतला. बाहेर लिंबाखाली आल्यावर ते म्हणाले, "तुजा बा येवढं बोलला असता तर?" आणि मग पाच वर्षांत पहिल्यांदा ते बाबांसाठी रडले. मीही रडले, पण चिडूनच.

म्हणून हे पत्र. गावठाण मिळेल की नाही मला माहीत नाही, आणि मिळालं तरी माझी नोकरी इथं, मुलगी इथंच वाढतेय, मी तिथं राहायला येईन असं वचन देत नाही. तुमच्यातलेही कितीक येणार नाहीत. पण पुन्हा चौकशी झाली आणि तुम्हाला बोलावणं आलं, तर सबबी सांगू नका. या आणि विचारलं त्याहून जास्त बोला. घर कुठं असं मुलगी मला विचारते तेव्हा मी तिला कागदावरचं उत्तर देते. ते एवढंच आहे की आम्ही बाहेर आहोत. गाव संपलेलं नाही, गाव बाहेर आहे, आणि अजून आत आलेलं नाही.